वडाची सावली आणि तारेचें जाळें

मुंबईच्या कोटांत टाऊन हॉलसमोर पूर्वीं एक मोकळें मैदान होतें. तेथें वडाचीं झाडें होतीं, आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास त्या वडांच्या सावलींत मूठभर दलाल दररोज जमूं लागले. त्यांच्यापाशीं पेढी नव्हती, पाटी नव्हती, बसावयास बांकही नव्हतें. एकानें हांक द्यावी, दुसऱ्यानें होकार द्यावा आणि हजारों रुपयांचा सौदा पुरा व्हावा, असा तो बाजार होता. त्याला भिंती नसल्या तरी सीमा होत्या. जेथपर्यंत माणसाचा आवाज पोहोंचे आणि जेथपर्यंत त्याची पत लोकांस ठाऊक असे, तेथपर्यंत त्या बाजाराची हद्द.

ह्याच सुमारास देशांत दुसरें एक जाळें विणलें जात होतें, आणि त्याला आवाजाची वा ओळखीची गरज नव्हती. विल्यम ओशॉनेसी ह्या डॉक्टरानें १८३९ सालीं कलकत्त्याजवळ तारेंतून संदेश पाठविण्याचे प्रयोग केले होते. पुढें त्याच्याच देखरेखीखालीं नोव्हेंबर १८५३ मध्यें मोठ्या मार्गाचें काम सुरू झालें, आणि फेब्रुवारी १८५५ पासून कलकत्ता, आग्रा, मुंबई व मद्रास ह्यांस जोडणारी तार सामान्य लोकांसही पैसे भरून वापरतां येऊं लागली. तारेची सारी करामत अवघ्या दोन खुणांची होती. सुईचा डावा अथवा उजवा कल, लहान अथवा लांब ठोका. ह्या दोहोंच्या जुळणींतून सगळीं अक्षरें आणि सगळे आंकडे उभे राहत. आज संगणकांच्या ज्या जाळ्यास डिजिटल म्हणतात, तेंही शून्य आणि एक ह्या दोनच खुणांवर चालतें. तेव्हां ह्या जाळ्याचा इतिहास कालपरवांपासून मोजणें बरोबर होणार नाहीं. मुंबईपुरता तरी तो वडाखालच्या दलालांइतकाच जुना आहे.

तार आली, म्हणून वडाची सावली ओस पडली काय? घडलें तें ह्याच्या उलट. १८६१ सालीं अमेरिकेंत यादवी युद्ध पेटलें, तेथला कापूस इंग्लंडच्या गिरण्यांस मिळेनासा झाला, आणि हिंदुस्थानच्या कापसास सोन्याचा भाव आला. मुंबईंत पैशाचा पूर लोटला. बँका निघाल्या, समुद्र हटवून जमीन करणाऱ्या कंपन्या निघाल्या, आणि त्यांच्या शेअरांसाठीं लोक वेडे झाले. बॅकबे कंपनीच्या पांच हजार रुपयांच्या शेअरास पन्नास हजारांच्या आसपास किंमत येऊं लागली. प्रेमचंद रायचंद ह्यांच्या नुसत्या शब्दावर कंपनीचें भवितव्य ठरे. गोविंद नारायण माडगांवकर ह्यांचें ‘मुंबईचें वर्णन’ हें पुस्तक १८६३ सालीं, म्हणजे ह्या धामधुमीच्या ऐन भरांत प्रसिद्ध झालें, ही गोष्ट लक्षांत घेण्याजोगी आहे. आपलें शहर कांहीं विलक्षण बनत चाललें आहे, ह्याची जाणीव तेव्हां मराठी लेखकासही झाली होती.

एप्रिल १८६५ मध्यें अमेरिकेंतील दक्षिणेच्या सेनापतीनें शस्त्र खालीं ठेवलें. ती वार्ता मुंबईस येतांच कापसाचा भाव कोसळला, आणि १ जुलै १८६५ हा वायद्यांच्या फेडीचा दिवस शहरास काळा दिवस ठरला. ज्यांनीं एकमेकांचे शब्द घेतले होते त्यांपैकीं कोणाजवळच ते पाळण्याचें बळ उरलें नाहीं. प्रेमचंद रायचंद बुडाले, बँक ऑफ बाँबेही पुढें बुडाली. त्यांनीं भरभराटीच्या काळांत दिलेल्या देणगींतून विश्वविद्यालयाचा राजाबाई मनोरा मात्र १८७८ मध्यें पुरा झाला. आपल्या गल्लींत न घडलेल्या गोष्टीनें आपलें घर बसूं शकतें, हा धडा मुंबईनें त्या वर्षीं प्रथम घेतला.

असा धडा मिळाल्यावर शहरानें परक्या जगाकडे पाठ फिरविली असती तर नवल नव्हतें. परंतु त्यानें काढलेला निष्कर्ष निराळा होता: वार्ता उशिरां कळणें हाच खरा धोका. १८६६ मध्यें रॉयटरनें मुंबईंत आपली कचेरी उघडली. ‘ग्रेट ईस्टर्न’ ह्या प्रचंड आगबोटीनें १८७० च्या आरंभीं मुंबईपासून एडनपर्यंत समुद्राच्या तळाशीं तार घातली, आणि त्याच वर्षीं ती लंडनपर्यंत जोडली गेली. जो भाव कळावयास पूर्वीं आगबोटीची आठवडेच्या आठवडे वाट पाहावी लागे, तो आतां कांहीं तासांत हातीं पडूं लागला.

येथें ह्या इतिहासांतील पहिलें कोडें समोर येतें. तारेनें अंतर नाहींसें केलें असें म्हणतात. मग अंतर नाहींसें झाल्यावर व्यापाऱ्यानें कोटांतील दाटींतच कशाला राहावें? अंतर नाहींसें झालें तें लिव्हरपूल आणि मुंबई ह्यांमधलें. तारघर आणि पेढी ह्यांमधलें अंतर उलट महाग झालें. तार जेथें उतरे तेथून धांवत येणाऱ्या पोऱ्यास दोनशें पावलें कमी पडलीं, तर तेवढ्यानेंच एका व्यापाऱ्यास दुसऱ्यावर मात करतां येई. कोटाची जुनी तटबंदी १८६२ नंतर पाडण्यांत आली होती, आणि मोकळ्या झालेल्या जागेवर रुंद रस्ते व दगडी इमारती उठत होत्या. बँका, विम्याच्या कंपन्या, वर्तमानपत्रें आणि दलाल हीं सारीं एकमेकांच्या हांकेच्या टापूंत गोळा झालीं. जाळें जगभर पसरलें, पण त्याची गांठ एका लहानशा जागीं घट्ट बसली.

वडाखालच्या दलालांची संख्या इतकी वाढली कीं ते रस्ता अडवूं लागले आणि जागा बदलीत फिरूं लागले. अखेर १८७४ सालीं त्यांना एक कायमची गल्ली लाभली. तीच दलाल स्ट्रीट. ९ जुलै १८७५ रोजीं त्यांनीं आपली संस्था स्थापन केली. तिचे सभासद होते ३१८, आणि प्रवेशाची फी होती एक रुपया. पुढें इमारत झाली, सभागृह झालें. झाडाखालीं कोणीही येऊन उभा राहूं शके. सभागृहांत शिरावयास सभासदत्व लागे, आणि कालांतरानें तें एक रुपयास मिळेनासें झालें.

त्या सभागृहाच्या रिंगणांत एक संस्कृति वाढली. भाव ओरडून सांगावयाचा, बोटांनीं दाखवावयाचा, आणि खिशांतल्या वहींत पेन्सिलीनें टिपावयाचा. दोन्ही बाजूंचा भाव सांगून हजर राहणाऱ्यांस तारवणीवाले म्हणत. कोणाचा आवाज चढला, कोणाचा पडला, कोण आज दिसला नाहीं, ह्यावरून तेजी-मंदीचा अंदाज बांधणारे जाणते तेथें होते. दिलेला शब्द फिरविणारास दुसऱ्या दिवशीं कोणी हांक देत नसे. ही शिक्षा कोणत्याही न्यायालयाच्या शिक्षेहून कडक होती. पण ह्या विश्वासाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. तो विश्वास ओळखीच्यांपुरता होता. नागपूर अथवा कोल्हापूर येथील ज्या गृहस्थानें आपली शिल्लक दलालाच्या हातीं दिली, त्याला आपले शेअर नेमक्या कोणत्या भावानें घेतले गेले हें तपासण्याचें साधन नव्हतें. दलाल सांगेल तो भाव, आणि दलाल सांगेल ती वेळ.

जाळ्याचा परिणाम कोटापुरता राहिला नाहीं. मध्यमवर्गीय घरांत ‘तार आली’ हे दोन शब्द काळजाचा ठोका चुकविणारे झाले. बहुधा मृत्यूची किंवा दुखण्याचीच वार्ता तेवढ्या तांतडीनें धाडली जाई, म्हणून पाकीट फोडण्यापूर्वींच घरांत रडें सुरू होई. दुसरीकडे, न्यूयॉर्कच्या कापूसबाजाराचे उघडते आणि बंद होतांनाचे भाव तारेनें मुंबईस येत, आणि त्या आंकड्यांवर पैजा लागत. पैज लावणारास कापूस घ्यावयाचा नसे, विकावयाचा नसे. कित्येकांनीं न्यूयॉर्क नकाशांतही पाहिलें नसेल. १९६१-६२ च्या सुमारास ते आंकडे मिळेनासे झाले, तेव्हां मडक्यांतून चिठ्ठ्या काढून आंकडे ठरविण्याची युक्ति निघाली, आणि त्या जुगारास मटका हें नांव पडलें. वार्ता नाहींशी झाली तरी तिनें लावलेली संवय शहरांत राहून गेली.

१८८२ च्या जानेवारींत मुंबईंत टेलिफोन आला, तरी रिंगण टिकलें. शंभरांहून अधिक वर्षें तार, टेलिफोन आणि टेलिप्रिंटर ह्यांनीं त्याला वार्ता पुरविल्या. त्याची जागा कोणीं घेतली नाहीं. ती घेतली गेली ती अवघ्या कांहीं महिन्यांत. १९९२ सालच्या रोखे घोटाळ्यानें लोकांचा विश्वास हादरला होता. त्याच वर्षीं नॅशनल स्टॉक एक्स्चेंज ह्या नव्या बाजाराची नोंदणी झाली, आणि ३ नोव्हेंबर १९९४ रोजीं तेथें शेअरांचे सौदे सुरू झाले. ह्या बाजारास रिंगणच नव्हतें. दलालाच्या छपरावर तबकडीसारखी अँटेना, वर आकाशांत उपग्रह, आणि टेबलावर संगणकाचा पडदा, एवढेंच त्याचें स्वरूप. मागणी कोणाची आणि विक्री कोणाची हें पडद्यावर दिसत नसे. ज्याचा भाव चांगला त्याचा सौदा आधीं, आणि भाव सारखा असेल तर जो प्रथम आला त्याचा आधीं, एवढाच नियम होता. वर्षाच्या आंतच ह्या बाजाराची उलाढाल जुन्या बाजाराहून अधिक झाली. जुन्या बाजारानेंही १४ मार्च १९९५ रोजीं आपले सौदे पडद्यावर नेण्यास प्रारंभ केला, आणि दलाल स्ट्रीटचें रिंगण मुकें झालें. त्याच वर्षीं १५ ऑगस्टला इंटरनेट सामान्य ग्राहकांस खुलें झालें.

ह्या बदलांत लाभ कोणाचा आणि हानि कोणाची? गांवोगांवच्या लहान गुंतवणूकदाराचा लाभ झाला हें निर्विवाद आहे. भाव आणि वेळ ह्यांची नोंद आतां यंत्र करूं लागलें. १९९६ पासून शेअरांचीं कागदी प्रमाणपत्रें जाऊन त्यांच्या जागीं खात्यांतील नोंदी आल्या, त्यामुळें बनावट कागद आणि हरवलेलीं पाकिटें हे त्रास मिटले. जुना ‘बदला’ २००१ च्या जुलैंत बंद झाला. सौद्याचा हिशेब पुरा होण्यास तेव्हां पांच दिवस लागत. २००२ मध्यें तीन, २००३ मध्यें दोन, आणि जानेवारी २०२३ पासून सर्व शेअरांस एकच दिवस लागूं लागला. हानि झाली ती तारवणीवाल्यांची, आणि त्यांच्या ठायीं जें ज्ञान होतें त्याची. माणसाच्या चेहऱ्यावरून पत ओळखण्याची विद्या पडद्यासमोर निरुपयोगी ठरली. पूर्वीं विश्वास माणसावर होता, आतां तो नियमावर आला. नियम ओळख पाहत नाहीं, म्हणून तो अधिक न्यायी आहे. पण तो लाजही बाळगीत नाहीं, आणि बाजारांतल्या पुष्कळ माणसांस सरळ ठेवणारी गोष्ट लाजच होती.

अंतर आतां खरोखरच संपलें, असें ह्यावर कोणास वाटेल. परंतु १८७० मधलें कोडें पुन्हां उभें राहिलें. २००९-१० च्या सुमारास मोठ्या व्यापाऱ्यांस आपले संगणक बाजाराच्याच आवारांत, त्याच्या मुख्य यंत्राजवळ भाड्यानें ठेवण्याची सोय झाली. कारण हुकूम मनुष्य न देतां यंत्र देऊं लागलें, आणि तारेची लांबी कमी असेल त्याचा हुकूम निमिषाच्या हजाराव्या भागानें का होईना, आधीं पोहोंचूं लागला. तारघराभोवतीं पेढ्या जमल्या होत्या. यंत्राभोवतीं यंत्रें जमलीं. धांवणाऱ्या पोऱ्याचीं दोनशें पावलें तेवढीं कांहीं हातांवर आलीं.

समुद्राखालची तारही गेलेली नाहीं. तांब्याच्या जागीं कांचेचा तंतु आला, आणि तो आजही मुंबईच्या किनाऱ्यावरच जमिनीस लागतो. ३० जानेवारी २००८ रोजीं ईजिप्तमधील अलेक्झांड्रियाजवळ अशा तारा तुटल्या, तेव्हां हिंदुस्थानांतील कचेऱ्यांचें इंटरनेट मंदावलें. ज्या मार्गानें १८७० मध्यें कापसाचा भाव येत असे, जवळजवळ त्याच मार्गावर सुमारें एकशें चाळीस वर्षांनंतरही शहराची भिस्त होती. जाळें आकाशांत आहे अशी कल्पना करणें सोपें आहे. प्रत्यक्षांत तें समुद्राच्या चिखलांत आणि शहराच्या रस्त्याखालीं पडलेलें आहे. त्याला भाडें लागतें, डागडुजी लागते, आणि राखणारे हातही लागतात.

१४ जुलै २०१३ रोजीं देशांतील शेवटच्या तारा घेतल्या गेल्या आणि तारसेवा बंद झाली. टाऊन हॉलसमोरच्या मैदानाची बाग होऊन तर दीडशें वर्षें लोटलीं. दलाल स्ट्रीटवरील उंच इमारत अजून उभी आहे. भावांचा पट्टा तिच्या भिंतीवर सरकत असतो, आणि वाटसरू क्षणभर थांबून वर पाहतो. त्या पट्ट्यावरून भाव कळतो. भाव सांगणारा मनुष्य उद्यां कोठें भेटेल, हें मात्र कळत नाहीं. वडाखालीं दोन्ही गोष्टी एकदमच कळत असत. पण त्या झाडाच्या सावलींत जागा थोडी होती, आणि बाहेर उन्हांत उभे असलेले लोक फार होते. आज सावली सर्वांस मिळाली आहे. तिच्याखालीं एकमेकांस ओळखावें कसें, हें ह्या शहरास नव्यानें शिकावयाचें आहे.