पासवर्डच्या कागदापासून मेमरी कार्डापर्यंत

१९८६ साली जपानमध्ये 'ड्रॅगन क्वेस्ट' खेळणारी मुलं खेळ थांबवताना पासवर्ड म्हणून पडद्यावर येणारी वीस हिरागाना अक्षरं कागदावर उतरवून घेत. एक अक्षर चुकलं, की सगळी मेहनत वाया!

त्याच वर्षी निन्टेंडोच्या 'झेल्डा'ने खेळ कुठवर आला याची नोंद थेट डिस्कवर ठेवली. १९८७च्या अमेरिकी कार्ट्रिजमध्ये त्यासाठी छोटी बॅटरी होती. ती संपली की नोंदही पुसली जाई.

मग निओ जिओ या खेळयंत्राचं मेमरी कार्ड आलं. १९९४च्या प्लेस्टेशनचं कार्ड तर जेमतेम १२८ किलोबाइटचं, १५ कप्प्यांचं, पण खिशात घालून मित्राकडे नेता येई. प्लेस्टेशन ३ने बाहेरच्या यूएसबी डिस्कवर बॅकअपची सोय दिली.

२०१७च्या निन्टेंडो स्विचने मात्र उलटी वाट धरली. मायक्रोएसडीवर खेळ साठवता येतात, सेव्ह, म्हणजे खेळाच्या नोंदी, मात्र यंत्रातच राहतात. क्लाउडवर ठेवायचे तर वर्गणी भरा. खेळाडूच्या शेकडो तासांची प्रत त्यालाच न देणं हा अन्याय आहे.