तारीख नसलेला कागद

सरकारी कचेरीत वीसेक वर्षे काढली की माणसाला एक खोड लागते. कागद हाती आला की नजर आधी तारखेकडे जाते. तारीख नसेल तर कागद परत! परवा रॉबर्ट फ्लाहर्टीचा ‘मॅन ऑफ अरान’ हा १९३४ सालचा माहितीपट पाहताना हीच खोड आडवी आली.

आयर्लंडच्या पश्चिमेला, गॉलवेच्या उपसागराच्या तोंडाशी अरानची तीन बेटे आहेत. सगळा चुनखडीचा कातळ. तिथली माणसे कातळावर वाळू आणि समुद्रशेवाळ पसरून शेत तयार करीत आणि त्यात बटाटे लावीत. चित्रपटात हे दिसते, आणि ते खरे आहे. आपल्याकडची खाजन शेती पाहिलेल्या माणसाला त्या कष्टांचे मोल वेगळे सांगायला नको.

पण चित्रपटातले कुटुंब खरे नाही. कोलमन किंग, मॅगी डिरेन आणि तो पोरगा मिकलीन हे तिघेही बेटावरचेच, मात्र एकमेकांचे कोणी नव्हेत. चेहरे पाहून फ्लाहर्टीने त्यांना निवडले.

दिव्याच्या तेलासाठी होणारी अजस्र शार्क माशाची शिकारही तशीच. ती प्रथा बेटावरून कित्येक दशकांपूर्वी गेली होती. भाला कसा मारायचा हेसुद्धा लोकांना नव्याने शिकावे लागले. म्हणजे आजोबांचा काळ नातवांकडून करून घेतला आणि ‘आज’ म्हणून दाखवला. त्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट परदेशी चित्रपटाचा मुसोलिनी चषक मिळाला.

एक गोष्ट मात्र खोटी नव्हती. ती म्हणजे लाटा. डांबर फासलेल्या कापडी होडीतून माणसे खरोखर त्या वादळी समुद्रात गेली. त्यांतल्या बहुतेकांना पोहता येत नव्हते. आपण त्यांना जे करायला लावले त्याची टोचणी फ्लाहर्टीने पुढे स्वतःच बोलून दाखवली.

पुढे जॉर्ज स्टोनी बेटावर गेला, लोकांशी बोलला आणि हे सारे कसे घडले यावरच त्याने १९७८ साली माहितीपट काढला. राहून गेलेली तारीख अशी चव्वेचाळीस वर्षांनी पडली.

उद्या कोणी कॅमेरा घेऊन आपल्या वाड्यावर आला आणि म्हणाला, आजोबांसारखे करून दाखवा, तर आपणही हौसेने दाखवू. दाखवावेही. फक्त त्याला सांगावे, बाबा रे, खाली तारीख घाल.