चितायम फॅशन वीक

२०२२ च्या मध्यास इंडोनेशियाची राजधानी जकार्ता येथील दुकुह आतास परिसरात किशोरवयीन मुलामुलींनी उत्स्फूर्तपणे रूढ केलेला रस्त्यावरील वेशभूषेचा प्रघात. नावात ‘फॅशन वीक’ असले, तरी त्यास ना आयोजक होता, ना प्रवेशशुल्क. दक्षिणेकडील चितायम, बोजोंगगेडे, देपोक या उपनगरांतून ही मुले स्वस्त लोकलगाडीने येत आणि स्वतः जुळवलेल्या पोशाखांत झेब्रा क्रॉसिंगवरून मॉडेलच्या डौलात चालत. टिकटॉकवरील चित्रफितींमुळे त्यांची कीर्ती देशभर पसरली.

‘एससीबीडी’ हे जकार्तातील सुदिरमान सेंट्रल बिझनेस डिस्ट्रिक्ट या श्रीमंत व्यापारी भागाचे संक्षिप्त नाव. त्याचा ‘सुदिरमान, चितायम, बोजोंगगेडे, देपोक’ असा मिश्कील विस्तार रूढ झाला. मित्रांसह निवांत वेळ घालवण्यास इंडोनेशियन भाषेत ‘नोंगक्रोंग’ म्हणतात. आपल्या कट्ट्याशी त्याचे जवळचे नाते. निम्नवर्गीय मुलांना असा कट्टा राजधानीच्या मध्यभागी लाभला, हे या प्रघाताचे सामाजिक मर्म होय.

जुलै २०२२ मध्ये अभिनेते बाइम वाँग यांच्या कंपनीने या नावाचे व्यापारचिन्ह मिळवण्यासाठी अर्ज केला. मुलांची निर्मिती बळकावल्याची टीका होताच तो मागे घेण्यात आला. पुढे वाहतूककोंडीच्या कारणास्तव प्रशासनाने निर्बंध आणले आणि गर्दी ओसरली. सार्वजनिक जागेवर हक्क कोणाचा, हा प्रश्न मात्र तिने ठळक केला.