पेगी अ‍ॅशक्रॉफ्ट आणि इंग्लिश रंगभूमीवरील कायम मंडळीचा शोध

विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकात लंडनमधील नाट्यव्यवसायाची रीत अशी होती की, निर्मात्याने एक नाटक निवडावे, त्यासाठी नाट्यगृह भाड्याने घ्यावे, तीन-चार आठवडे तालमी करून पडदा उघडावा, आणि गर्दी ओसरली की सगळा संच मोडून नट-नट्यांनी पुन्हा नव्या कामाच्या शोधात निघावे. मध्य लंडनमधील ही व्यावसायिक रंगभूमी 'वेस्ट एंड' या नावाने ओळखली जाते. हेन्री आयर्विंगसारखे मालक-नट, म्हणजे नाट्यगृह चालवणारे आणि प्रमुख भूमिकाही स्वतःच करणारे कलावंत, एकोणिसाव्या शतकात आपापल्या मंडळ्या बाळगून होते. परंतु पहिल्या महायुद्धाच्या सुमारास ती पिढी मावळली आणि पगारी नटांनी वर्षानुवर्षे एकत्र राहून अनेक नाटके आलटून पालटून करण्याची पद्धत राजधानीतून जवळपास नाहीशी झाली. बिऱ्हाड घेऊन गावोगाव हिंडणाऱ्या आपल्याकडील नाटक मंडळ्या १९३०च्या दशकात बोलपटांपुढे टिकाव न धरता मोडत होत्या, नेमक्या त्याच वर्षांत लंडनमध्ये काही जण तशी मंडळी नव्याने उभी करू पाहत होते. या खटपटीचा इतिहास दिग्दर्शकांच्या नावाने लिहिला जातो. तिच्या जवळजवळ प्रत्येक टप्प्यावर हजर असलेली व्यक्ती मात्र एक अभिनेत्री होती.

पेगी अ‍ॅशक्रॉफ्ट यांचा जन्म २२ डिसेंबर १९०७ रोजी लंडनच्या दक्षिणेकडील क्रॉयडन येथे झाला. वडील जमीनजुमल्याची व्यवस्था पाहण्याच्या व्यवसायात होते आणि पहिल्या महायुद्धात मारले गेले. आईला हौशी रंगभूमीची ओढ होती. सोळाव्या वर्षी पेगी यांनी एल्सी फोगर्टी यांच्या वाणी व नाट्यशिक्षणाच्या शाळेत प्रवेश घेतला. ही शाळा त्या काळी रॉयल अल्बर्ट हॉलच्या इमारतीत भरत असे आणि लॉरेन्स ऑलिव्हिए हे त्यांचे तेथील सहाध्यायी होते. फोगर्टी यांचा सारा भर उच्चार आणि आवाजावर होता. या शिष्येला मात्र रशियन दिग्दर्शक स्तानिस्लावस्की यांच्या आत्मचरित्राने झपाटले आणि मॉस्कोतील त्यांच्या मंडळीसारखे काही इंग्लंडात असावे ही इच्छा तेथूनच तिच्या मनात रुजली. १९२६ साली बर्मिंगहॅम रेपर्टरी थिएटरमध्ये राल्फ रिचर्डसन यांच्यासमवेत त्यांनी व्यावसायिक रंगमंचावर पाऊल ठेवले. ('रेपर्टरी' म्हणजे ठराविक नटसंचाने एकामागून एक नाटके सादर करणारे, बहुधा प्रांतातील नाट्यगृह.)

१९३० साली लंडनच्या सॅव्हॉय थिएटरमध्ये पॉल रोब्सन या कृष्णवर्णीय अमेरिकन गायक-नटाच्या ऑथेल्लोसमोर त्यांनी डेस्डिमोना उभी केली. गोरी नायिका आणि काळा नायक यांची रंगमंचावरील जवळीक अनेकांना रुचली नाही, निषेधाची पत्रे आली, आणि ज्या सॅव्हॉय हॉटेलाला लागून हे नाट्यगृह होते तेथील उपाहारगृहाने रोब्सन यांना आधीच प्रवेश नाकारलेला होता. राजकारणाची जाण आपल्याला या प्रयोगातून आली, असे अ‍ॅशक्रॉफ्ट पुढे सांगत. प्रयोग म्हणून तो फारसा बांधीव नव्हता, हेही खरे.

पुढचा टप्पा ऑक्सफर्डमध्ये आला. तेथील विद्यार्थ्यांच्या नाट्यसंस्थेने १९३२ साली 'रोमिओ अँड ज्युलिएट'साठी जॉन गिलगुड यांना दिग्दर्शक म्हणून बोलावले आणि संस्थेच्या रिवाजाप्रमाणे स्त्रीभूमिकांसाठी व्यावसायिक अभिनेत्री पाचारण केल्या. ज्युलिएट अ‍ॅशक्रॉफ्ट यांच्याकडे आली. संस्थेचा त्या वेळचा विद्यार्थी-अध्यक्ष जॉर्ज डिव्हाइन होता, आणि 'मॉटली' या सामायिक नावाने काम करणाऱ्या तीन तरुण स्त्रियांनी वेशभूषा केली होती. त्याच वर्षी लिलियन बेलिस यांच्या ओल्ड व्हिकमध्ये अ‍ॅशक्रॉफ्ट दाखल झाल्या. टेम्सच्या दक्षिणेला, गरीब वस्तीत स्वस्त तिकिटांवर शेक्सपिअर दाखवणाऱ्या या नाट्यगृहात एकाच हंगामात इमोजेन, रोझालिंड, पोर्शिया, पर्डिटा, ज्युलिएट, मिरांडा अशा भूमिका त्यांनी पाठोपाठ केल्या. एका भूमिकेची तालीम चालू असताना संध्याकाळी दुसरीचा प्रयोग, हा तेथील नित्यक्रम होता. १९३५ साली वेस्ट एंडमधील न्यू थिएटरमध्ये गिलगुड यांनी 'रोमिओ अँड ज्युलिएट' पुन्हा उभे केले, तेव्हा गिलगुड आणि ऑलिव्हिए यांनी रोमिओ व मर्क्युशिओ या भूमिका आपसात आलटून पालटून केल्या. शेक्सपिअरचे पद्य गावे की बोलावे यावरून त्या दोघांविषयी समीक्षकांत वाद रंगले. ज्युलिएट मात्र वादातीत राहिली, कारण ती पद्यही सांभाळत होती आणि चौदा वर्षेही पूर्ण न झालेली मुलगीही दिसत होती. मॉटलींनी प्रसंगागणिक पडदे न बदलता एकाच बांधीव रचनेवर नाटक वाहते ठेवले होते, याचाही त्या यशात वाटा होता.

याच वर्षी आल्फ्रेड हिचकॉक यांच्या 'द थर्टी-नाइन स्टेप्स' या चित्रपटात त्या काही मिनिटांपुरत्या दिसल्या. स्कॉटलंडच्या माळरानावरील एका कर्मठ, संशयी शेतकऱ्याची तरुण बायको, जी पळून आलेल्या नायकाला लंडनमधील दुकाने आणि फॅशन यांविषयी अधीरपणे विचारते, आणि रात्री पोलिस आले की नवऱ्याचाच जाड कोट त्याच्या अंगावर चढवून त्याला बाहेर काढते. त्या कोटाच्या खिशातील प्रार्थनागीतांचे पुस्तक पुढे नायकाचा जीव वाचवते आणि कोट दिल्याबद्दल बायकोला मार बसतो. कॅमेऱ्यासमोर डोळ्यांनी एवढे बोलू शकणाऱ्या अभिनेत्रीला चित्रपटसृष्टीने त्यानंतर फारसे का बोलावले नाही, या प्रश्नाचा रोख खरे तर उलटा हवा. बोलावण्याची वाट त्याच पाहत नव्हत्या.

त्यांचे लक्ष दुसरीकडे होते. १९३७-३८ साली गिलगुड यांनी क्वीन्स थिएटर घेऊन एकाच नटसंचाकडून चार नाटके करवली आणि त्यांतील चेखॉव्हच्या 'तीन बहिणी'चे दिग्दर्शन मिशेल सँ-दनी या फ्रेंच दिग्दर्शकाकडे सोपवले. सँ-दनी यांनी नेहमीच्या जवळजवळ दुप्पट काळ तालीम घेतली. अ‍ॅशक्रॉफ्ट यांची आयरिना, तिच्यावर निष्फळ प्रेम करणारा मायकल रेडग्रेव्ह यांचा तुझेनबाख, इतर भूमिकांत डिव्हाइन, अ‍ॅलेक गिनेस, ग्लेन बायम शॉ अशी मंडळी असलेला तो प्रयोग इंग्लंडात चेखॉव्हचा मानदंड ठरला. त्यावर विसंबून सँ-दनी यांनी त्याच वर्षी फिनिक्स थिएटरमध्ये स्वतःची मंडळी उभारली. अ‍ॅशक्रॉफ्ट तीत होत्याच, पण ती पैशाअभावी थोड्याच प्रयोगांत कोसळली आणि पाठोपाठ महायुद्ध आले.

युद्धोत्तर दशकात त्या वेस्ट एंडच्या अग्रगण्य नायिका झाल्या. एच. एम. टेनंट ही निर्मिती-संस्था आणि तिचे चालक बिंकी बोमाँ यांची तेव्हा लंडनवर जवळपास मक्तेदारी होती. टेरेन्स रॅटिगन यांच्या 'द डीप ब्लू सी' (१९५२) मधील हेस्टर कॉलियर ही या काळातील त्यांची सर्वांत धारदार भूमिका म्हणता येईल. न्यायाधीश नवऱ्याला सोडून एका माजी वैमानिकाबरोबर भाड्याच्या खोलीत राहणारी ही स्त्री पडदा उघडताच गॅसच्या शेगडीपुढे बेशुद्ध पडलेली दिसते, आणि जगते ती केवळ मीटरमध्ये नाणे टाकायचे राहिल्यामुळे. त्या काळी भाड्याच्या खोल्यांतील गॅसचे मीटर नाणे टाकले तरच चालत. प्रतिष्ठेची चौकट मोडलेल्या बाईविषयी प्रेक्षकांची सहानुभूती मिळवणे सोपे नव्हते, आणि अ‍ॅशक्रॉफ्ट यांनाही आरंभी ती भूमिका आवडली नव्हती. १९५४च्या 'हेडा गाब्लर'बद्दल नॉर्वेच्या राजाने सुवर्णपदक दिले, १९५६ साली 'डेम' हा, पुरुषांच्या 'सर'शी समकक्ष असलेला किताब मिळाला. त्याच वर्षी 'द चॉक गार्डन' हे तडाखेबंद चाललेले नाटक सोडून त्या डिव्हाइन यांच्या नव्या इंग्लिश स्टेज कंपनीत जर्मन नाटककार ब्रेख्तचे नाटक करायला गेल्या. ते नाटक पडले, आणि तरीही त्यांच्या कारकिर्दीची दिशा त्या यशापेक्षा या अपयशातूनच अधिक स्पष्ट दिसते.

म्हणूनच तिशीही न गाठलेले दिग्दर्शक पीटर हॉल यांनी स्ट्रॅटफर्ड-अपॉन-एव्हन येथे कायमची मंडळी उभारण्याची कल्पना मांडली, तेव्हा त्यांनी आधी अ‍ॅशक्रॉफ्ट यांना गाठले. शेक्सपिअरच्या जन्मगावी तोवर दर वर्षी नवा संच जमवून उन्हाळी हंगाम होत असे. हॉल यांना नटांशी तीन वर्षांचे करार करायचे होते आणि लंडनमध्ये दुसरे घर हवे होते, जेथे नवी नाटकेही करता यावीत. पन्नाशी ओलांडलेल्या, कीर्तीच्या शिखरावरील अभिनेत्रीने तत्काळ दिलेला होकार हीच या बेताची पहिली पत होती. डिसेंबर १९६०मध्ये ऑल्डविच थिएटरचा पडदा त्यांच्या 'डचेस ऑफ मॅल्फी'ने उघडला आणि १९६१ साली संस्थेला रॉयल शेक्सपिअर कंपनी हे नाव मिळाले.

या मंडळीचा कस १९६३च्या 'द वॉर्स ऑफ द रोझेस'मध्ये लागला. 'हेन्री सहावा'चे तीन भाग आणि 'रिचर्ड तिसरा' यांची काटछाट करून, मध्ये स्वतः रचलेल्या शेकडो ओळी घालून जॉन बार्टन यांनी तीन सलग नाटके सिद्ध केली आणि जॉन ब्युरी यांनी पोलादी नेपथ्यावर राजसत्तेचे निर्दय यंत्र उभे केले. पंचावन्न वर्षांच्या अ‍ॅशक्रॉफ्ट यांची अंजूची मार्गारेट फ्रान्सहून वधू म्हणून येते ती कोवळ्या वयात आणि अखेरच्या नाटकात शाप देत फिरते ती जख्ख म्हातारी म्हणून. इंग्रजीवरची परकी, फ्रेंच छटा तिच्या जिभेवर शेवटपर्यंत टिकते. कैद केलेल्या यॉर्कच्या डोक्यावर कागदी मुकुट चढवून, त्याच्याच कोवळ्या मुलाच्या रक्तात भिजवलेला रुमाल त्याच्यापुढे धरणाऱ्या प्रसंगात (यॉर्क होते डोनल्ड सिन्डेन) मार्गारेटच्या क्रौर्याला थकव्याची आणि जवळजवळ वेडाची किनार होती, आणि त्यामुळे ती राक्षसी न वाटता युद्धाने घडवलेली बाई वाटे. बीबीसीने हे प्रयोग स्ट्रॅटफर्डच्या रंगमंचावरच चित्रित करून १९६५ साली प्रसारित केले. एरवी विसरल्या जाणाऱ्या या भूमिकेचा क्रम एकाच अभिनेत्रीने सलग पेलल्यावर ती शेक्सपिअरच्या सर्वांत मोठ्या स्त्रीभूमिकांपैकी एक आहे हे लक्षात आले, आणि असा शोध कायम मंडळीतच शक्य होता.

१९६८ साली त्या संस्थेच्या संचालक मंडळावर आल्या. त्याच वर्षी हॅरॉल्ड पिंटर यांच्या 'लँडस्केप' या दोन पात्रांच्या छोट्या नाटकाला लॉर्ड चेंबरलेन यांच्या कार्यालयाने, म्हणजे नाटकांच्या संहिता तपासण्याचा जुना अधिकार असलेल्या दरबारी खात्याने, काही शब्द गाळल्याखेरीज परवाना नाकारला. पिंटर अडून बसले. रेडिओवर या खात्याची सत्ता चालत नसल्यामुळे ते नाटक प्रथम अ‍ॅशक्रॉफ्ट यांच्या आवाजात बीबीसीवरून ऐकवले गेले; वर्ष संपण्यापूर्वी कायद्याने ही सेन्सॉरशिपच रद्द झाली आणि १९६९ साली त्यांनी ते ऑल्डविचमध्ये केले. कमरेपर्यंत आणि मग गळ्यापर्यंत मातीत पुरलेली नाटककार बेकेट यांची विनी ('हॅपी डेज') त्यांनी सत्तरीच्या उंबरठ्यावर केली, आणि १९७६ साली नॅशनल थिएटरच्या नव्या वास्तूतील लिटलटन रंगमंच त्याच प्रयोगाने सुरू झाला.

चित्रपट आणि दूरचित्रवाणीचे सुगीचे दिवस आले ते त्यानंतर, आणि बऱ्याच अंशी हिंदुस्थानच्या निमित्ताने. पॉल स्कॉट यांच्या चार कादंबऱ्यांवर ग्रॅनडा दूरचित्रवाणीने केलेल्या 'द ज्युअल इन द क्राउन' (१९८४) या चौदा भागांच्या मालिकेत निवृत्त मिशनरी शिक्षिका बार्बी बॅचलर त्यांनी रंगवली. साम्राज्याच्या अखेरीस आपल्या आयुष्यभराच्या सेवेचा अर्थ हरवून बसलेली, बोलघेवडी आणि तरीही अखेर मूक होत जाणारी ही बाई मालिकेतील सर्वांत करुण पात्र आहे. या चित्रणातून मोकळ्या होतात तोच डेव्हिड लीन यांनी ई. एम. फॉर्स्टर यांच्या 'अ पॅसेज टू इंडिया'मधील मिसेस मूर त्यांच्यासमोर ठेवली. वय झाले म्हणून पुन्हा हिंदुस्थानात जाण्यास त्या नाखूश होत्या. पण खुद्द लीनही त्यांच्याच वयाचे, १९०८ साली जन्मलेले होते. बंगलोर आणि आसपासच्या खडकाळ टेकड्यांवर चित्रण झाले. पंचेचाळीस वर्षांपूर्वी क्वीन्स थिएटरमध्ये बरोबर असलेले गिनेस प्राध्यापक गोडबोले झाले होते. इंग्रज नटाने रंग लावून मराठी ब्राह्मण व्हावे हे आज फार खटकते, आणि त्या काळीही खटकलेच होते.

या गोडबोल्यांचे मूळ फॉर्स्टर यांच्या १९२१मधील देवासच्या मुक्कामात आहे. मध्य हिंदुस्थानातील या मराठी संस्थानाच्या थोरल्या पातीचे तुकोजीराव पवार यांचे ते काही महिने खासगी चिटणीस होते, आणि तेथील गोकुळाष्टमीचा उत्सव कादंबरीच्या अखेरच्या भागात आला आहे. त्यात तुकारामाच्या नावाच्या गजरात तल्लीन झालेल्या दख्खनी गोडबोल्यांच्या मनात, काही कारण नसताना, मिसेस मूर ही म्हातारी इंग्रज बाई येते. लीन यांच्या चित्रपटात हा उत्सव नाही, आणि त्यामुळे मिसेस मूरच्या व्यक्तिरेखेचा शेवट अर्धाच राहिला. अ‍ॅशक्रॉफ्ट यांच्या वाट्याला गुहेतील प्रतिध्वनीने खचणारी आणि परतीच्या जहाजावर मरणारी मूर तेवढी आली. तेवढ्यावर त्यांना १९८५ साली सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले. २५ मार्चच्या समारंभाला त्या गेल्या नाहीत आणि अँजेला लॅन्सबरी यांनी ते स्वीकारले. त्यांचे जुने तुझेनबाख, मायकल रेडग्रेव्ह, चार दिवस आधी वारले होते.

रंगमंचावरची शेवटची भूमिका त्याआधीच, रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या 'ऑल्स वेल दॅट एंड्स वेल'मधील काउंटेसची, होऊन गेली होती. १९८९ साली स्टीफन पोलियाकॉफ लिखित 'शीज बीन अवे' या चित्रपटासाठी व्हेनिस महोत्सवात जेराल्डिन जेम्स यांच्यासह त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार विभागून मिळाला. जवळजवळ सारे आयुष्य मनोरुग्णालयात कोंडलेल्या स्त्रीची ती भूमिका होती. १४ जून १९९१ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. क्रॉयडनमध्ये त्यांच्या हयातीतच, १९६२ साली, उभे राहिलेले नाट्यगृह त्यांच्या नावाने ओळखले जाते.