कोट, स्तूप आणि बुरुडाचें घर



महोत्सवाचें वर्ष हें मागें वळून पाहण्याचें वर्ष होय. ज्या देवानें आपल्या वाडवडिलांस या भूमींत वाढविलें त्याचे उपकार स्मरावे, आणि त्यांनीं काय उभारलें व काय गमावलें याचा प्रामाणिकपणें हिशेब घ्यावा, हाच अशा वर्षाचा खरा हेतु. आपल्या धर्मग्रामाचा वृत्तांत या स्मरणिकेंत इतरत्र आलेलाच आहे. आम्हीं येथें वसईचा कोट, सोपाऱ्याचा स्तूप आणि त्यांच्या आसपासचीं कारागिरांचीं घरें यांविषयीं चार शब्द लिहिण्याचें योजिलें आहे. हीं स्थळें पाहण्यास अलीकडे दूरदूरचे लोक येतात. त्यांस वाट दाखविण्याचें काम पुष्कळदां आपल्याच तरुणांकडे येतें. आणि तें काम आम्हीं स्वतः कित्येक वर्षें अपुऱ्या रीतीनें केलें, हें कबूल करणें आम्हांस आवश्यक वाटतें.

आमचा क्रम ठरलेला असे. पाहुण्यांस सकाळच्या थंड वेळीं वसईच्या कोटांत न्यावें, समुद्राकडील दरवाजाशीं उभें करावें आणि इतिहास सांगण्यास आरंभ करावा. गुजराथचा सुलतान बहादूरशाह यानें ता. २३ डिसेंबर १५३४ रोजीं तह करून वसई पोर्तुगीजांस दिली. १५३६ सालीं कोटाचें काम सुरू झालें. पुढें सुमारें दोनशें वर्षें येथें पोर्तुगीजांचा अंमल राहिला. फ्रान्सिस्कन, येशूसंघीय व डोमिनिकन संन्याशांचे मठ आणि देवळें यांच्या भिंती आजही उभ्या आहेत. संत योसेफाच्या मुख्य देवळाच्या दारावरील लेखांत १६०१ सालच्या पुनर्बांधणीची नोंद आहे. याच वसईंत जन्मलेले संत गोन्सालो गार्सिया यांस ता. ५ फेब्रुवारी १५९७ रोजीं जपानांतील नागासाकी येथें क्रुसावर मरण आलें, आणि १८६२ सालीं पोप नववे पायस यांनीं त्यांस संतपद दिलें. अखेर मे १७३९ मध्यें चिमाजी अप्पांनीं मोठ्या झुंजीनंतर कोट घेतला. तहाप्रमाणें पोर्तुगीज शिबंदी आपल्या हत्यारांसह मानानें बाहेर पडली. परदेशी संन्यासी गेले, मठ ओस पडले. परंतु श्रद्धाळू राहिले, आणि त्यांचा सांभाळ एतद्देशीय धर्मगुरूंनीं केला. इतकें सांगून होईपर्यंत ऊन चढलेलें असे.

तेथून आम्ही सोपाऱ्यास जात असूं. ग्रीक दर्यावर्दी ज्यास सुप्पारा म्हणत, तें हें प्राचीन शूर्पारक बंदर. १८८२ सालीं पंडित भगवानलाल इंद्रजी यांस येथें सम्राट अशोकाच्या आठव्या शिलाशासनाचा तुकडा मिळाला. नवव्या शासनाचा तुकडा १९५६ सालीं आपल्या भुईगांवांत सांपडला. त्याच १८८२ सालीं पंडितजींनीं सोपाऱ्याचें एक मोठें टेकाड खणलें, तेव्हां तो विटांचा बौद्ध स्तूप असल्याचें सिद्ध झालें. त्याच्या मध्यभागीं एक दगडी पेटी होती. तिच्यांत तांब्याचा करंडा व त्याभोंवतीं आठ लहान मूर्ति. करंड्यांत रुप्याची डबी, तिच्यांत दगडाची, तिच्यांत स्फटिकाची आणि सर्वांत आंत सोन्याची. या वस्तु मुंबईस एशियाटिक सोसायटीच्या ताब्यांत आहेत. या टेकाडास गांवकरी पूर्वींपासून ‘बुरुड राजाचा कोट’ म्हणत आले. हें नांव आम्ही मुलांस सांगत असूं खरें. पण लगेच हंसून, ‘ही अडाण्यांची दंतकथा,’ अशी पुस्ती जोडीत असूं.

एके वर्षीं पावसाळा सरल्यावर दृढीकरणाच्या वर्गांतील मुलामुलींस घेऊन आम्ही तेथें गेलों होतों. वाटेच्या कडेला एक वृद्ध बुरूड बांबू चिरीत बसला होता. आमचें बोलणें त्यानें सर्व ऐकलें असावें. मुलें पुढें गेल्यावर त्यानें हांक मारली.

“फादर, रागावूं नका. एक बोलूं?”

“बोला ना, बाबा.”

“पोरांना तुम्ही राजांचीं नांवें सांगितलींत. खणणाऱ्या पंडिताचें सांगितलेंत. एवढ्या विटा आणि एवढी माती वर चढली, ती कशांतून चढली? टोपलींतूनच ना? ती टोपली कोणी विणली, तें नाहीं सांगितलेंत. आमचे म्हातारे म्हणत, राजा बुरूड होता. तुम्ही त्याला अडाणी गोष्ट म्हणालांत. असेल अडाणी. पण या कोटाशीं आमचें नांव जोडणारी तेवढी एकच गोष्ट आहे.”

आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. सेमिनरींत आम्ही इतिहास शिकलों, लॅटिन शिकलों. यिर्मया संदेष्ट्यास देवानें आपला बोध ऐकण्यासाठीं कुंभाराच्या घरीं पाठविलें, यावर आम्हीं प्रवचनेंही केलीं. आमचा प्रभु नासरेथांत सुताराचा पुत्र म्हणून ओळखला जात असे, हें तर प्रत्येक बालकास ठाऊक आहे. असें असतां कारागिराच्या दारावरून आम्ही इतकीं वर्षें मान न वळवितां गेलों! आम्हीं मुलांस परत बोलाविलें, आणि बाबांच्या परवानगीनें सर्वजण त्यांच्या अंगणांत बसलों.

तेथें जें पाहिलें तें आम्हीं पूर्वीं कधीं पाहिलें नव्हतें. बांबू कोयत्यानें उभा चिरावयाचा, पुन्हां चिरावयाचा, आणि त्याच्या पातळ कामट्या काढावयाच्या. बाहेरची हिरवी साल चिवट असते, ती कांठाला व जेथें भार पडेल तेथें; आंतला मऊ भाग भरणीला. कामटी कोणत्या जाडीची हवी हें मोजण्यास हातांत कांहीं साधन नाहीं. अंगठ्यास तें कळतें. सूप, रोवळी, दुरडी, करंडी, हारा या प्रत्येकाची वीण निराळी. शूर्पारक या नांवांत शूर्प हा शब्द दिसतो, आणि शूर्प म्हणजे सूप, हें आम्हांस संस्कृत येत असूनही त्या अंगणांत बसेपर्यंत ध्यानांत आलें नव्हतें. एका मुलानें करंडीची किंमत विचारली, आणि ऐकून म्हणाला, “प्लास्टिकची याहून स्वस्त मिळते.” बाबा कांहीं बोलले नाहींत, कामट्या मोजीत राहिले. नंतर कळलें कीं मुलगा कारखान्यांत जातो, नातू शाळेंत जातो, आणि हें काम त्या घरीं बाबांबरोबर संपेल.

त्या दिवसापासून तेच अवशेष आम्ही निराळ्या दृष्टीनें पाहूं लागलों. स्तूपाच्या त्या पेटीचाच विचार करा. दगड, तांबें, रुपें, स्फटिक, सोनें, अशीं एकांत एक पात्रें. आणि सर्वांत आंत, सोन्याहून मोलाचें म्हणून जपलेलें काय? मातीच्या पात्राच्या लहान लहान खापऱ्या! त्या बुद्धाच्या भिक्षापात्राच्या असें मानिलें गेलें. तांबट, सोनार व पाथरवट या सर्वांनीं मिळून एका कुंभाराचें काम जतन केलें. आम्हीं हें वीस वेळां सांगितलें असेल. परंतु सोन्याच्या डबीपाशीं आमचा आवाज चढे आणि खापऱ्यांपाशीं उतरे.

कोटाचेंही तसेंच. गोव्यास संत फ्रान्सिस झेवियर यांचें शरीर ज्या बॉम जेझूच्या देवळांत ठेविलें आहे, त्याचें बांधकाम १५९४ सालीं सुरू होऊन १६०५ सालीं अभिषेक झाला. तें देऊळ मुख्यतः जांभ्या दगडाचें. पण त्याच्या दर्शनी भागावरील कोरीव कामासाठीं काळा दगड समुद्रमार्गें वसईहून नेलेला आहे. आपल्यांपैकीं शेंकडों लोक तेथें यात्रेस जातात. आपण आपल्याच गांवच्या दगडाखालून आंत शिरतों, हें किती जणांस ठाऊक आहे?

भाषेंतही तोच पुरावा सांपडतो. पोर्तुगीज अंमल गेल्यास पावणेतीनशें वर्षांहून अधिक काळ लोटला. कप्तानांचे हुद्दे व किताब कोणाच्या तोंडीं राहिले नाहींत. राहिले ते शब्द कामाचे: मेस्त्री, पगार, घमेलें, चावी, बादली, पिंप. ज्या गांवांनीं पोर्तुगीज माणूस कधीं पाहिला नाहीं, तेथील गवंडीही आपल्या प्रमुखास मेस्त्रीच म्हणतो. कोट पडला, परंतु कोट बांधणाऱ्यांची बोली महाराष्ट्रभर पसरली. त्याचप्रमाणें नाशिकच्या नारोशंकराच्या देवळांतील प्रसिद्ध घंटा पहा. तिच्यावर १७२१ सालाचा आंकडा आहे, आणि ती वसईच्या विजयाची खूण म्हणून तेथें गेली असें मानितात. राज्य बदललें, देऊळ बदललें. ओतणाऱ्याचें काम मात्र अजून तसेंच वाजतें.

येथें एक अवघड गोष्टही स्पष्ट लिहिली पाहिजे. पोर्तुगीजांच्या अमलांत या प्रांतांतील हिंदु देवळांचा विध्वंस झाला, आणि बोरिवलीजवळील मंडपेश्वर लेण्याचें सोळाव्या शतकांत ख्रिस्तमंदिर करण्यांत आलें. पुढें १७३९ च्या युद्धानंतर आपलीं देवळें व मठ ओस पडले. यांतील एकच अर्धा भाग सांगून दुसरा गिळणें ही खोटी साक्ष होय, मग ती कोणाच्याही बाजूनें असो. आपल्या तरुणांपैकीं कित्येक पाहुण्यांसमोर या ठिकाणीं अडखळतात. आपण कोणाचे वारस, असा त्यांस प्रश्न पडतो. आमचें उत्तर असें: आपण कप्तानांचेही वारस नाहीं आणि सरदारांचेही नाहीं. आपल्या पूर्वजांपैकीं बहुतेक जण ज्यांनीं दगड वाहिला, भात लाविलें, जाळें टाकिलें आणि होडी वल्हविली, त्यांच्यापैकीं होते. हुकूम कोणाचाही असो, भिंतीचा ओळंबा एकच होता. आणि तो धरणारा हात याच मातीचा होता.

म्हणून जे तरुण पुढें हें काम करतील, त्यांस आमच्या कांहीं सूचना आहेत. पहिली: मंडळी वीसांहून अधिक नेऊं नये, मागच्यास ऐकूं आलें नाहीं कीं तो भिंतीवर नांव कोरूं लागतो. दुसरी: देवळांतील थडग्यांवर पाय देऊं नये व देऊं देऊं नये, तीं आपल्यासारख्याच बाप्तिस्मा झालेल्यांचीं थडगीं आहेत. स्तूपाशींही तोच आदर राखावा. तें आपल्या बौद्ध बांधवांचें पवित्र स्थान आहे. तिसरी: कोणत्याही अवशेषाचा विटेएवढाही तुकडा आठवण म्हणून उचलूं नये. चौथी: कोट पाहून थेट गाडींत बसूं नये. बुरुडाच्या अंगणांत, होडी बांधणाऱ्याच्या मांडवांत, वेदीचें नक्षीकाम करणाऱ्या सुताराच्या दुकानांत, किंवा आगाशीस जेथें राजेळी केळीं उन्हांत वाळवून सुकेळीं करितात तेथें, निदान एका घरीं तासभर बसावें. तें घर आधीं विचारून ठरवावें. कारागीर म्हणजे जत्रेंतला देखावा नव्हे. आणि बोलणें त्यास करूं द्यावें. आपण गप्प बसावें. पांचवी व अखेरची: वस्तु घेतल्यास सांगितलेली किंमत द्यावी. देवळाच्या पेटींत सढळ हातानें दान टाकून बाहेर टोपलीच्या दहा रुपयांसाठीं हुज्जत घालणारा मनुष्य आपण दानधर्म केला असें समजतो. पण मजुराची मजुरी अडविणें हें पाप आहे, हें त्यानें कॅटेकिझममध्यें पुन्हां वाचावें.

असो. महोत्सवाच्या मिस्सेंत अर्पणाचीं फळें व फुलें वेदीपर्यंत नेण्यासाठीं आम्हीं बारा करंड्या त्याच बाबांकडून विणून घेतल्या आहेत. समितींतील एका बंधूंनीं, पितळेच्या थाळ्या आपल्यापाशीं आहेतच, मग हा खर्च कशासाठीं, असें विचारिलें. प्रश्न योग्यच होता, आणि हा लेख म्हणजे त्याचेंच उत्तर आहे. करंड्या पोंचविण्यास बाबांचा मुलगा आला होता. रविवारीं कारखान्यास सुटी असते, मुलांस घेऊन याल तर वडिलांच्या शेजारीं मीही बसेन, वीण थोडी येते मला, असें तो जातां जातां म्हणाला. पहिला रविवार आम्हीं ठरविला आहे. ज्यांस यावयाचें असेल त्यांनीं आपलीं नांवें साक्रिस्तींत द्यावीं.

मिस्सेच्या वेळीं त्या करंड्या आपल्यासमोरून जातील, तेव्हां त्यांतील फळांबरोबर त्यांच्या विणीकडेही क्षणभर पहावें, आणि ज्यांचीं नांवें कोणत्याही शिळेवर कोरलेलीं नाहींत त्या सर्व कष्टाळू हातांसाठीं प्रार्थना करावी. देव त्यांचें व आपणां सर्वांचें कल्याण करो.

आपले नम्र,
धर्मगुरु