प्रत, प्रतकार आणि परवाना : जालना जिल्ह्यातील दोन ग्रंथपरंपरांच्या आधारे प्रताधिकाराचा विचार

१

'कॉपीराइट' या इंग्रजी संज्ञेस मराठीत जे पर्याय रूढ झाले, त्यांत 'स्वामित्वहक्क' आणि 'प्रताधिकार' हे दोन प्रमुख होत. पहिल्या शब्दात भर आहे तो मालकीवर. दुसऱ्यात तो प्रतीवर आहे. भाषाशास्त्राच्या अभ्यासकास हा भेद उपेक्षणीय वाटू नये. मराठीत 'प्रत' या शब्दास दोन अर्थ आहेत. मूळ लेखनावरून उतरून घेतलेले लेखन ती प्रत. आणि 'उत्तम प्रतीचा तांदूळ' असे आपण म्हणतो तेव्हा दर्जा तीही प्रतच. हस्तलिखितांच्या काळी हे दोन्ही अर्थ एकाच वस्तूच्या ठायी नांदत होते, कारण प्रत्येक प्रतीचा दर्जा ती उतरणाऱ्याच्या हातावर अवलंबून असे. 'लायसन्स' या संज्ञेसाठी आपण वापरतो तो 'परवाना' हा शब्द फारसी आहे. त्याचा मूळ रोख सत्ताधीशाच्या लेखी आज्ञेकडे आहे.

संगणकाच्या आणि आंतरजालाच्या आगमनानंतर प्रत काढण्यास श्रम राहिले नाहीत, आणि एका प्रतीच्या व दुसऱ्या प्रतीच्या दर्जातही भेद उरला नाही. त्यामुळे प्रताधिकाराचा प्रश्न सर्वस्वी नवा आहे, असा समज पसरला आहे. प्रस्तुत निबंधाचे प्रतिपादन याहून निराळे आहे. ग्रंथ कोणाचा, आवृत्ती कोणाची आणि हातातील प्रत कोणाची, हे तीन प्रश्न परस्परांहून भिन्न आहेत. कायद्याच्या पूर्वीही ते भिन्न होते. आणि आजच्या अंकीय व्यवहारात जो घोटाळा दिसतो, तो मुख्यतः या तिहींची सरमिसळ केल्यामुळे उद्भवतो. हे दाखविण्यासाठी आजच्या जालना जिल्ह्याच्या भूमीशी संबंध असलेल्या दोन ग्रंथपरंपरा सोयीच्या आहेत.

२

पहिली परंपरा समर्थ संप्रदायाची. घनसावंगी तालुक्यातील जांब हे रामदासांचे जन्मस्थान. जन्म १६०८ सालचा. दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकाचा पहिलाच समास लेखनक्रियेच्या निरूपणास वाहिलेला आहे. अध्यात्मपर ग्रंथात अक्षर कसे काढावे, ओळी कशा सोडाव्यात, शाई व कागद कोणते निवडावेत याचे विवेचन यावे, ही गोष्ट लक्षणीय आहे. आरंभीचे अक्षर आणि अखेरचे अक्षर एकाच हातचे व एकाच वळणाचे दिसावे, अशी अपेक्षा तेथे व्यक्त झाली आहे. पानाच्या चहूंकडे समास मोकळा ठेवण्यास सांगितले आहे, आणि त्याचे कारणही व्यवहारी आहे : कागदाच्या कडा झिजल्या तरी अक्षरांस इजा पोहोचू नये.

या समासात प्रत करण्यास अनुज्ञा घ्यावी, असे कोठेही म्हटलेले नाही. प्रत करणे हे येथे कर्तव्य आहे. त्यावरील बंधन आहे ते गुणवत्तेचे. कवीचे नाव रक्षिले जाई ते रचनेत गुंफलेल्या नाममुद्रेने. पाठ रक्षिला जाई तो प्रतकाराच्या निष्ठेने. आजच्या कायद्याच्या भाषेत सांगावयाचे तर कर्तृत्वाचा निर्देश आणि कृतीची अविकृतता या दोन गोष्टींची काळजी या परंपरेने घेतली, प्रतींच्या संख्येवर मात्र मर्यादा घातली नाही. १९५७ च्या कायद्याचे ५७ वे कलम लेखकाच्या ज्या विशेष हक्कांस मान्यता देते, ते नेमके हेच दोन होत.

३

दुसरी परंपरा महानुभाव पंथाची. भोकरदन तालुक्यातील जाळीचा देव हे स्थान पंथाच्या श्रद्धेत चक्रधरांच्या संचाराशी निगडित असून तेथे आजही पंथीय भाविकांची ये-जा असते. म्हाइंभटाने तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात चक्रधरांच्या लीळा संकलित केल्या, आणि मराठी गद्याचा आद्य महाग्रंथ म्हणून लीळाचरित्रास आपण मानतो. पंथाने हे वाङ्मय प्राणपणाने जपले. परंतु ते जपण्याची त्याची रीत समर्थ संप्रदायाच्या रीतीहून वेगळी होती. चौदाव्या शतकापासून पंथीय ग्रंथ सांकेतिक लिपींत लिहिले जाऊ लागले. त्यांत सकळ लिपी विशेष प्रचारात आली; सुंदरी आदी अन्य लिपीही योजल्या गेल्या. नागरी वर्णांच्या जागी अन्य वर्ण वा चिन्हे यावीत, असा या लिपींचा सामान्य न्याय आहे.

परिणाम असा झाला की पोथी हाती पडली तरी ग्रंथ हाती पडत नसे. प्रत बाळगणे आणि प्रत वाचण्याचा अधिकार असणे या दोन गोष्टी पृथक् झाल्या, आणि दुसरी गोष्ट उपदेश घेतलेल्यासच प्राप्त होई. या बंधनामागे अर्थलाभाचा हेतू नव्हता. पवित्र वचनांची अवहेलना होऊ नये आणि पाठ भ्रष्ट होऊ नये, हा होता. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे व वि. ल. भावे यांच्यासारख्या संशोधकांच्या प्रयत्नांनी या लिपीचे रहस्य पंथाबाहेर प्रकट झाले, तेव्हा मराठी भाषेच्या इतिहासाची साधनसामग्री एकाएकी कितीतरी पटींनी वाढली. यादवकालीन गद्याविषयी आज आपण जे काही निश्चयाने बोलतो, त्याचा मोठा भाग या उलगड्यावर उभा आहे.

येथे दोन्ही बाजूंचा न्याय करावयास हवा. कुलूप नसते तर इतक्या जुन्या भाषेचे रूप इतक्या निगुतीने टिकले असते का, हा प्रश्न रास्त आहे. आणि कुलूप उघडले नसते तर ते टिकणे विद्येच्या कोणत्या कामी आले असते, हा प्रश्नही तितकाच रास्त आहे.

४

आता कायद्याकडे वळू. ब्रिटिश हिंदुस्थानात प्रताधिकाराचा पहिला कायदा १८४७ साली झाला. ब्रिटनच्या १९११ च्या कायद्यास अनुसरून १९१४ चा कायदा आला. त्यात भाषांतरासंबंधी एक ध्यानात ठेवण्याजोगी तरतूद होती. ग्रंथ प्रथम प्रसिद्ध झाल्यापासून दहा वर्षांच्या आत मूळ लेखकाने एखाद्या भाषेत भाषांतर प्रसिद्ध न केल्यास, त्या भाषेपुरता त्याचा भाषांतराचा एकाधिकार संपत असे. देशी भाषांच्या वाढीस ही तरतूद अनुकूल होती.

जालना त्या काळी निजामाच्या राज्यात होते. ब्रिटिश हिंदुस्थानासाठी केलेले कायदे तेथे आपोआप चालत नसत. म्हणजे पुण्यामुंबईस छापलेला मराठी ग्रंथ जालन्याच्या वाचकापर्यंत पोहोचे, तो एका राज्यव्यवस्थेतून दुसरीत. १९४८ च्या सप्टेंबरात हैदराबाद संस्थान भारतात विलीन झाले. १९५६ साली मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात व १९६० साली महाराष्ट्रात आला. आणि १ मे १९८१ रोजी जालना हा स्वतंत्र जिल्हा झाला. दरम्यान १९५७ चा प्रताधिकार कायदा २१ जानेवारी १९५८ पासून संपूर्ण भारतात अमलात आला होता. त्यान्वये लेखकाच्या मृत्यूनंतर ५० वर्षेपर्यंत हक्क टिकत असे. रवींद्रनाथ ठाकूर यांच्या ग्रंथांवरील हक्क १९९१ च्या अखेरीस संपुष्टात येणार, तेव्हा ही मुदत ६० वर्षांची करण्यात आली. मात्र जे हक्क तत्पूर्वीच संपले होते, ते पुनरुज्जीवित झाले नाहीत. राजवाडे ३१ डिसेंबर १९२६ रोजी निवर्तले. त्यांनी १९०९ साली प्रसिद्ध केलेली ज्ञानेश्वरीची आवृत्ती आज सर्वांस मोकळी आहे.

५

या चौकटीत लीळाचरित्राचे स्थान काय? मूळ ग्रंथ तेराव्या शतकातील असल्यामुळे त्यावर कोणाचाही प्रताधिकार नाही. परंतु आपण जे वाचतो, ती असते कोणाची तरी आवृत्ती. ह. ना. नेने, शं. गो. तुळपुळे आणि वि. भि. कोलते या विद्वानांनी भिन्न काळी भिन्न पोथ्यांच्या आधारे हा ग्रंथ संपादिला. प्रस्तावना, टीपा, शब्दार्थ हे संपादकाचे स्वतंत्र लेखन होय. त्यावर त्याचा हक्क निर्विवाद आहे. प्रश्न आहे तो संपादकाने निश्चित केलेल्या पाठाचा. पाच पोथ्यांतून एक पाठ निवडणे हे केवळ श्रमाचे काम, की निर्मितीचे?

या संदर्भात ईस्टर्न बुक कंपनी विरुद्ध डी. बी. मोडक या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००७ मध्ये दिलेला निर्णय मननीय आहे. न्यायालयाच्या निर्णयपत्रांच्या संपादित प्रतींविषयीचा तो वाद होता. केवळ श्रम आणि खर्च केल्याने हक्क निर्माण होत नाही. कौशल्य व निर्णयबुद्धी यांचा काही अंश, काही किमान सर्जकता त्यात दिसली पाहिजे, असे तत्त्व तेथे मांडले गेले. शुद्धलेखन व विरामचिन्हे नीट करणे यात ती नाही. पण परिच्छेद पाडून त्यांस क्रमांक देणे यांसारख्या विवेकसाध्य कामांत आहे, असे न्यायालयाने मानले. हे तत्त्व पोथ्यांस लावले तर असे म्हणावे लागते की, एकाच पोथीचे यथामूल मुद्रण करणाऱ्यास त्या पाठावर हक्क सांगणे कठीण. अनेक पोथ्या ताडून पाठनिर्णय करणाऱ्याचा दावा मात्र बळकट ठरेल. पाठचिकित्सेचा अभ्यासक्रम शिकविणाऱ्या विभागांनी या भेदाची नोंद घ्यावयास हवी.

मुदतीची गणनाही सरळ नाही. कोलते १९९८ साली निवर्तले. त्यांच्या संपादनावरील हक्क व्यक्तिगत मानला तर तो २०५८ च्या अखेरीपर्यंत टिकतो. परंतु त्यांची आवृत्ती १९७८ साली महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळाने प्रकाशित केली. ती शासकीय कृती ठरल्यास मुदत प्रकाशनापासून मोजावी लागेल, आणि ती २०३८ च्या अखेरीस संपेल. एकाच पुस्तकाच्या बाबतीत वीस वर्षांचा हा फरक ग्रंथाच्या गुणावर अवलंबून नाही, करारपत्रातील शब्दांवर आहे.

६

तिसरा थर प्रतीचा. पूर्वी प्रत म्हणजे पोथी; आज प्रत म्हणजे संगणकावरील संचिका. ती ज्याच्या ताब्यात, तो तिच्या वापरास अटी घालतो, आणि या अटींस आपण परवाना म्हणतो. येथे एक गोष्ट स्पष्ट ओळखली पाहिजे. परवाना हा प्रताधिकाराच्या पोटात जन्मतो. ज्यावर हक्कच नाही, त्याचा परवाना देता येत नाही. दासबोधाच्या जुन्या पोथीचे छायाचित्र संकेतस्थळावर ठेवणाऱ्याने खाली 'सर्व हक्क राखीव' असे लिहिले, तरी त्याने दासबोधावर हक्क येत नाही. संकेतस्थळाच्या वापराच्या अटी त्या वाचकाशी झालेल्या कराराइतक्याच बलवान असू शकतात.

सकळ लिपीचे अंकीय रूप म्हणजे तांत्रिक कुलूप. २०१२ च्या दुरुस्तीने कायद्यात ६५-अ हे कलम घातले. त्यान्वये, कायद्याने दिलेल्या हक्कांच्या रक्षणासाठी लावलेले परिणामकारक तांत्रिक बंधन हक्कभंगाच्या हेतूने मोडणे हा दोन वर्षांपर्यंतच्या कारावासास पात्र असा गुन्हा आहे. यातील 'हक्कांच्या रक्षणासाठी' हे शब्द निर्णायक होत. हक्कातून मुक्त झालेल्या ग्रंथावर घातलेल्या कुलपामागे या कलमाचे बळ उभे राहत नाही.

त्याच दुरुस्तीतील आणखी दोन तरतुदी आमच्या विषयास जवळच्या आहेत. हस्तांतरणाच्या वेळी जे माध्यम अस्तित्वात वा व्यापारी उपयोगात नव्हते, त्याचा स्पष्ट निर्देश नसल्यास ते हस्तांतरण त्या माध्यमास लागू होणार नाही, असे १८ व्या कलमात आता म्हटले आहे. पुस्तकांचे जुने करारनामे वाचताना केवळ छापील पुस्तकाचा हक्क दिला होता की सर्व माध्यमांचा, हे त्यामुळे तपासावे लागते. दुसरी तरतूद ग्रंथालयांची : व्यापारी नसलेल्या सार्वजनिक ग्रंथालयाजवळ एखाद्या कृतीची अंकीय नसलेली प्रत असेल, तर जतनासाठी ती इलेक्ट्रॉनिक साधनाने साठविण्यास मुभा आहे. मराठवाड्यातील सार्वजनिक ग्रंथालयांच्या कपाटांत झिजत असलेल्या पुस्तकांस या मुभेचा आधार मिळू शकतो. रामदासांनी समास सोडण्यास सांगितले ते ज्या भयापोटी, तेच भय या तरतुदीच्या मुळाशी आहे.

विनामूल्य आणि मुक्त या दोन शब्दांतील भेदही विसरता येत नाही. साहित्य संस्कृती मंडळाने आपली अनेक प्रकाशने संकेतस्थळावर विनामूल्य ठेवली आहेत, ही उपकारक गोष्ट होय. परंतु वाचावयास मोकळीक असणे म्हणजे पुनर्मुद्रणाची, भाषांतराची वा शब्दसंग्रहात समावेशाची अनुज्ञा असणे नव्हे. ती अनुज्ञा लेखी परवान्यानेच मिळते. २००२ पासून प्रचारात आलेले क्रिएटिव्ह कॉमन्सचे परवाने उपयुक्त ठरतात ते याच कारणाने : काय करता येईल आणि काय नाही, हे ते आरंभीच सांगून टाकतात. यंत्रास भाषा शिकविण्यासाठी संरक्षित मजकूर वापरता येईल का, हा प्रश्नही आता उपस्थित झाला असून, एएनआय या वृत्तसंस्थेने ओपनएआय या कंपनीविरुद्ध २०२४ च्या नोव्हेंबरात दिल्ली उच्च न्यायालयात दावा दाखल केला, तो याच मुद्द्यावर.

७

वरील विवेचनातून निष्पन्न होणारी कार्यपद्धती थोडक्यात अशी. जुन्या मराठी ग्रंथाचा अंकीय संग्रह करणाऱ्या अभ्यासकाने प्रत्येक पाठासोबत तीन नोंदी ठेवाव्यात : ग्रंथ कोणत्या काळचा, पाठ कोणत्या आवृत्तीतून वा पोथीतून घेतला, तिचा संपादक कोण व त्याचे निधनवर्ष कोणते, आणि प्रत कोणाच्या ताब्यातून, कोणत्या अटींवर मिळाली. शक्य तेथे मूळ पोथीकडे जावे. पोथीवरून केलेले यथामूल लेखन कायद्याने निर्वेध आणि शास्त्रदृष्ट्याही अधिक विश्वसनीय असते. संपादकाच्या पाठनिर्णयाचा आधार घेतल्यास त्याची अनुज्ञा घ्यावी, आणि अनुज्ञेची गरज संपल्यावरही त्याचे नाव घ्यावे. विभागांनी स्वतः तयार केलेले संग्रह प्रकाशित करताना परवाना स्पष्ट शब्दांत लिहावा. मौन हे अंकीय युगातील सर्वांत घट्ट कुलूप आहे, कारण कायद्यापुढे मौनाचा अर्थ नकार असा होतो.

जांबच्या परंपरेने प्रत करणाऱ्यावर गुणाचे बंधन घातले, महानुभाव परंपरेने प्रत वाचणाऱ्यावर अधिकाराचे. आधुनिक कायद्याने यांत तिसरे बंधन घातले, ते मुदतीचे. त्यातच त्याचे श्रेय आहे : या कायद्याने हक्क दिला, आणि तो केव्हा संपेल हेही सांगितले. जो परवाना वा जे कुलूप या मुदतीस जुमानत नाही, ते कायद्याचे नाव घेत असले तरी कायद्याचे नव्हे. मराठीच्या अभ्यासकांनी एवढा विवेक बाळगला, तर भीतीपोटी मोकळे ग्रंथ दूर ठेवण्याचा आणि अज्ञानापोटी दुसऱ्याचे श्रम हरण्याचा, असे दोन्ही दोष टळतील.