‘बुणगे’ : मराठी लष्करांतील एका शब्दाचा अर्थविचार

जुन्या मराठी पत्रव्यवहारांत कांहीं शब्द असे आहेत कीं, कोशकार त्यांना दोन ओळींत वाटेस लावतात. परंतु त्यांच्या अर्थावर एखाद्या लढाईचा आणि तींत मेलेल्या हजारों माणसांचा निवाडा अवलंबून असतो. ‘बुणगे’ हा त्यांपैकींच एक शब्द होय. शिलेदार, बारगीर, जुमलेदार हे शब्द दप्तरी आहेत. त्यांच्या मागें नेमणूक आहे, वेतन आहे, जबाबदारी आहे. ‘बुणगे’ ही कोणाचीहि नेमणूक नव्हे. हा तळावरचा, राहुटीच्या दोरीशीं बसून बोलला जाणारा शब्द. ‘खोगीरभरती’ या शब्दाचा सख्खा भाऊ. खोगिरांत भरावयाचा चिंध्यांचा व गवताचा ऐवज ती खोगीरभरती. पुढें संख्या फुगविण्यासाठीं घेतलेल्या निकामी माणसांस तेंच नांव पडलें. ‘बुणगे’ या शब्दानेंहि असाच प्रवास केला आहे. मात्र तो अधिक लांबचा व अधिक दुःखाचा आहे.

या शब्दाकडे आमचें लक्ष उशिरां गेलें, हें प्रथम कबूल केलें पाहिजे. बुलढाणा जिल्ह्यांतील शाळांतून इतिहास शिकवीत असतां पानिपतचा धडा आला कीं, ‘बाजारबुणग्यांनीं लष्कर बुडविलें’ हें वाक्य आम्ही वर्षानुवर्षें मुलांस लिहून देत असूं. एका वर्षीं एका मुलानें विचारलें, ‘गुरुजी, मग घोड्यांना गवत कोण आणीत होतें?’ आम्हीं त्याला खालीं बसविलें. उत्तर आम्हांस येत नव्हतें. प्रस्तुत लेख हें त्या प्रश्नाचें फार उशिरां दिलेलें उत्तर आहे.

प्रथम व्युत्पत्ति. फारशींत ‘बुना’ म्हणजे सामानसुमान, प्रपंचाचें ओझें. आणि ‘गाह’ म्हणजे स्थान. ईदगाह, दरगाह यांतील ‘गाह’ तोच हा. ‘बुनगाह’ म्हणजे जेथें सामानसुमान राहतें तें ठिकाण. मोगलांच्या फारशी इतिहासांत हा शब्द लष्कराच्या मागील मुक्कामास व त्या मुक्कामावरील सामानास लाविलेला आढळतो, आणि पुष्कळदां तो ‘बहीर’ या शब्दाच्या जोडीनें येतो. औरंगजेबानें भीमेच्या कांठीं ब्रह्मपुरी येथें तळ दिला, त्या स्थळास इस्लामपुरी असें नांव दिलें, आणि १६९९ मध्यें किल्ले घेण्यास निघतांना जनाना व जड सामान तेथेंच वजीर असदखानाच्या हवालीं केलें. हें त्याचें बुनगाह. यांत तिरस्काराचा लेशहि नाहीं. उलट बादशहाचें सर्वस्व तेथेंच होतें.

फारशी ‘बुनगाह’ मराठींत येतांना शेवटचा हकार गळाला, जसें दरगाहचें दर्गा झालें. आणि नकाराचा णकार झाला, जसें निशानचें निशाण व हैरानचें हैराण झालें. असा हा ‘बुणगा’ अगर ‘बुणगें’ होय, असें आमचें मत आहे. ‘बहीर’ हा जोडशब्दहि मराठींत उतरला आहे, ही गोष्ट या मतास पोषक आहे.

मराठी कागदांतून या शब्दाचे अर्थ तीन पायऱ्यांनीं पाहावे लागतात. पहिला अर्थ स्थानाचा : लष्कराचा मागील तळ. दुसरा अर्थ वस्तूंचा : डेरे, राहुट्या, भांडीं, धान्य, दारूगोळ्याचे गाडे. तिसरा अर्थ माणसांचा : त्या सामानाबरोबर चालणारा, न लढणारा समुदाय. कागद वाचणाऱ्याची अडचण येथेंच सुरू होते. मोडींत अनुस्वार बहुधा गाळलेला असतो. म्हणून समूहवाचक एकवचनी ‘बुणगें’ आणि माणसांचें अनेकवचन ‘बुणगे’ हीं दोन्ही कागदावर एकच दिसतात. ‘ठेविलें’ व ‘ठेविले’ यांतहि तोच घोटाळा. तेव्हां रूपावरून निर्णय होत नाहीं. क्रियापदाच्या अर्थावरून करावा लागतो. लादणें, उतरविणें या क्रिया असल्यास सामान समजावें. पळणें, उपाशी मरणें असल्यास माणसें. आणि ‘बुणग्यांत जाऊन मिळणें’ अशी रचना असल्यास तळ. हा विवेक न करितां प्रत्येक ठिकाणीं ‘निरुपयोगी माणसें’ असा अर्थ घातला, म्हणजे सेनापतीनें जड तोफा व तंबू किल्ल्यांत ठेवण्याचा साधा हुकूम दिला असतांहि त्यानें गळ्यांतील लोढणें काढून टाकलें असा भास होतो.

शब्दाचा अर्थ त्याच्या प्रतिस्पर्ध्यावरून नीट कळतो. ‘बुणगे’ याचा एक प्रतिस्पर्धी शब्द ‘सडे’. सडा राऊत म्हणजे ओझ्यावांचूनचा, घोडा व हत्यार एवढ्यावर निघालेला. ‘बुणगे ठेवून सडे होणें’ ही मराठ्यांच्या युद्धरीतीची गुरुकिल्ली होती. सभासदानें आपल्या बखरींत शिवछत्रपतींच्या लष्कराचा कायदा नमूद केला आहे. लष्करांत बायको, बटीक व कलावंतीण कोणी बाळगूं नये, बाळगल्यास देहदंड, असा तो कडक नियम होता. पहिल्या बाजीरावानें फेब्रुवारी १७२८ मध्यें पालखेड येथें निजामुल्मुल्कास कोंडींत धरलें, तें सड्या फौजेच्या बळावरच. निजामाचा तोफखाना मागें राहिला होता. दुसरा प्रतिस्पर्धी शब्द ‘बिनी’. बिनी म्हणजे आघाडी, बुणगे म्हणजे पिछाडी. या दुसऱ्या जोडीकडे पुढें पुन्हां यावयाचें आहे.

आतां हे बुणगे होते तरी कोण? पखालींतून पाणी वाहणारे पखाली, गवत कापून भारे आणणारे गवतकापे, घोड्यांचे मोतद्दार, नाल ठोकणारे नालबंद, डेरे उभारणारे फरास, पालख्यांचे भोई, वाट काढणारे बेलदार, सुतार, लोहार, उधारीवर पीठमीठ देणारे वाणी, आणि बैलांच्या पाठीवर धान्य आणणारे वंजारी. घोड्यांचा वैद्य जो साळोत्री, त्याच्या नांवांत तर अश्वशास्त्रकार शालिहोत्र ऋषीच जिवंत आहे. इंग्रज अधिकारी ब्रौटन हा १८०९ मध्यें दौलतराव शिंद्यांच्या छावणीबरोबर हिंडत होता. त्याचीं पत्रें १८१३ मध्यें ग्रंथरूपानें छापलीं गेलीं. बिनीवाला पुढें जाऊन निशाण रोवून सरकारी डेऱ्यांची जागा ठरवितो, मग एकेका बाजाराचीं निशाणें नेहमींच्याच क्रमानें लागतात आणि तळाच्या आरपार एक लांब पेठ उभी राहते, असें त्याचें वर्णन आहे. म्हणजे ज्याला आपण बेशिस्त गर्दी समजतों, तिला मुक्कामागणिक न बदलणारा नकाशा होता.

प्राचीन शास्त्रकारांनीं या वर्गाकडे कसें पाहिलें? कौटिल्याच्या अर्थशास्त्राचें दहावें अधिकरण ‘सांग्रामिक’ होय. त्यांत पायदळ, घोडा, रथ व हत्ती यांचीं कर्में सांगून त्याच पंक्तींत ‘विष्टि’ची कर्में सांगितलीं आहेत : तळ, वाटा, सेतु, विहिरी व उतार यांचें शोधन, यंत्रें, आयुधें, कवचें, धान्य व वैरण वाहणें, आणि रणांतून आयुधें, कवचें व जखमी माणसें बाहेर काढणें. त्याच अधिकरणांत शस्त्रें, औषधें व पट्ट्या घेतलेले चिकित्सक आणि अन्नपाणी राखणाऱ्या स्त्रिया सैन्याच्या पाठीशीं उभ्या असाव्या असेंहि सांगितलें आहे. कौटिल्यानें पिछाडीस नांव दिलें, काम दिलें आणि जागा दिली. रोमन लोकांनीं मात्र लष्करी सामानास ‘इंपेडिमेंटा’, म्हणजे अडथळे, असें नांव ठेविलें. आमच्या शिपायांचा कल रोमनांकडे गेला.

आमच्या जिल्ह्यास या विषयाचें दर्शन घरबसल्या घडलें आहे. लखूजी जाधवरावांच्या सिंदखेडापासून थोड्याच अंतरावर साखरखेर्डा आहे. तेथें ऑक्टोबर १७२४ मध्यें निजामुल्मुल्कानें मुबारिजखानास ठार करून दक्षिण आपल्या हातीं घेतली. डिसेंबर १७५७ मध्यें विश्वासराव पेशवे व दत्ताजी शिंदे यांच्या फौजांनीं सिंदखेडास रामचंद्र जाधवरावास कोंडलें. निजामअली त्याच्या मदतीस आला, आणि महिनाअखेर साखरखेर्ड्यास तह होऊन २५ लक्षांचा मुलूख व नळदुर्ग मराठ्यांस मिळाला. १८०३ सालीं पावसाळ्याच्या तोंडीं दौलतराव शिंदे व दुसरे रघूजी भोसले यांचे तळ मलकापूरच्या बाजूस पडले होते. या सर्व प्रसंगीं सरदारांचीं नांवें राहिलीं. परंतु हजारों घोड्यांस दाणावैरण पुरविणाऱ्यांचें नांव एकहि राहिलें नाहीं.

त्याच वर्षीं २३ सप्टेंबर रोजीं असई येथें लढाई झाली. असई आज जालना जिल्ह्यांत आहे. आमच्या सीमेपासून तें फार दूर नाहीं. वेलस्लीनें त्या सकाळीं काय केलें? आपलें सर्व सामान नावलणी येथें पहाऱ्यांत ठेविलें आणि सडा होऊन तो शत्रूवर गेला. ही आमचीच जुनी रीत. त्याच्या मोहिमांस धान्य पुरविणारे वंजारी होते आणि त्यांची मर्जी राखण्यास तो फार जपे. वंजाऱ्यांचे तांडे पूर्वीं मोगलांचें धान्य वाहत, निजामाचें वाहत, मराठ्यांचें वाहत. त्यांचे वंशज आजहि लोणार-मेहकरच्या बाजूस तांडे करून आहेत. एकाच्या दप्तरांत जो पुरवठ्याचा कणा, तोच दुसऱ्याच्या बोलींत बुणगा!

आतां पानिपत. जड सामान व कबिले ग्वाल्हेरीस अगर आपल्या किल्ल्यांत ठेवून सडे व्हावें, अशी मसलत सूरजमल जाटानें दिली व ती भाऊसाहेबांनीं मानिली नाहीं, हें प्रसिद्ध आहे. मसलत योग्य होती, याविषयीं आमचा वाद नाहीं. खाणारीं तोंडें अधिक झालीं म्हणजे उपासमार लवकर येते, हेंहि खरें. परंतु त्या समुदायांत तीन निरनिराळे वर्ग होते : सरदारांचे कबिले, उत्तरेकडील तीर्थें करण्यास निघालेले यात्रेकरू, आणि लष्कराचें काम करणारे लोक. पहिले दोन वर्ग मागें ठेवतां आले असते. तिसरा ठेवला असता, तर घोडे दुसऱ्याच दिवशीं उपाशी राहते. ‘बुणगे’ या एका शब्दांत तिन्ही कोंबल्यामुळें पहिल्या दोहोंचा दोष तिसऱ्यावर आला. शिवाय उपासमारीचें निकटचें कारण रसद तुटणें हें होतें. ऑक्टोबर १७६० मध्यें अब्दालीनें यमुना उतरून दिल्लीची वाट अडविली. डिसेंबरांत गोविंदपंत बुंदेले मारले गेले व अंतर्वेदींतून येणारा आधार संपला. पौष शुद्ध ८ शके १६८२, म्हणजे १४ जानेवारी १७६१ रोजीं जें झालें, त्यांत रसद आणणारेच आधीं मेले होते. ज्यांच्या मरणानें लष्कर उपाशी पडलें, त्यांनींच लष्कर खाऊन टाकलें असें म्हणणें हा न्याय नव्हे.

राहतां राहिली बिनीची गोष्ट. ‘बिनीचा शिलेदार’ हें आज मराठींत गौरवाचें पद आहे; सभेंत कोणाचा परिचय देतांना तें वापरतात. ‘बिनीवाले’ हें आडनांव मानानें मिरविलें जातें. ‘बाजारबुणगे’ ही मात्र शिवी झाली, आणि ‘बुणगे’ या धंद्यावरून कोणीं आपलें आडनांव सांगितल्याचें आमच्या तरी ऐकण्यांत नाहीं. दोन्ही शब्द एकाच लष्कराच्या दोन टोकांचे. पुढच्या टोकावर मान चढला, मागच्या टोकावर धूळ बसली. लढवय्यांनीं थट्टेंत वापरलेला शब्द बखरकारानें उचलला, बखरकाराचा इतिहासलेखकानें, आणि इतिहासलेखकाचा आमच्यासारख्या मास्तरानें.

ही केवळ शब्दाची चर्चा असती, तर वाचकांचा एवढा वेळ घेतला नसता. या शब्दाचा तिरस्कार कागद जमविणाऱ्यांच्या हातांतहि उतरला आहे. पुष्कळ वर्षांपूर्वीं जिल्ह्यांतील एका जुन्या घराण्यांत आम्हांस चार रुमाल पाहावयास मिळाले. सरदारांच्या नांवांचीं पत्रें, सनदा व शिक्क्यांचे कागद आम्हीं हर्षानें निराळे काढिले. उरलेला गठ्ठा गवताचा, पखालींचा, नालांचा व बैलभाड्याचा हिशेब होता. ‘हा किरकोळ आहे,’ असें सांगून आम्हीं तो माघारीं बांधून दिला. पुढें त्या मुलाचा प्रश्न मनांत घोळूं लागल्यावर आम्ही पुन्हां त्या घरीं गेलों. पत्रें पेटींत जपून ठेविलीं होतीं. हिशेब एका पावसाळ्यांत चुलीस लागले होते. घरमालकाचा त्यांत कांहींच दोष नाहीं; किरकोळ हा निकाल आमचा होता.

त्या मुलाचें उत्तर त्या गठ्ठ्यांत होतें. गवत कोण आणीत होतें, त्यांचीं नांवें, त्यांचीं गांवें आणि त्यांस पडलेला रोज तेथें लिहिलेला होता, आणि आम्हीं तो वाचला नाहीं. तेव्हां संग्राहकांस एवढीच विनंति आहे कीं, रुमाल सोडतांना बिनीचे कागद अवश्य घ्यावे, परंतु बुणग्यांचे कागद टाकूं नयेत. लढाईचा निकाल पत्रांत सांपडतो. लढाई दुसऱ्या दिवसापर्यंत कशी चालली, हें हिशेबांत सांपडतें.